ओकित्सूचे वयोवृद्ध सूत्रधार : प्रिन्स साइओंजी किनमोची

थोरांची चरित्रे त्यांच्या गुणांचे अनुकरण करण्यासाठी वाचावीत, असे आम्ही वर्गात मुलांस वर्षानुवर्षे सांगत आलो. परंतु चरित्रवाचनाचा दुसराही एक उपयोग आहे. मोठ्या माणसाच्या हातून काय घडले हे जसे पाहावे, तसे काय घडावयाचे राहून गेले हेही पाहावे. कारण पुष्कळदा आपल्यासारख्या सामान्यांस या दुसऱ्या भागापासूनच अधिक बोध होतो. सालाबादप्रमाणे या स्मरणिकेत आपल्या ज्ञातीतील दानशूर व कर्त्या पुरुषांची चरित्रे येत असतात व ती यावीतही. यंदा मात्र आम्ही एका दूरदेशीच्या पुरुषाचे चरित्र वाचकांपुढे ठेवीत आहोत. जपानातील हा पुरुष नव्वदाव्या वर्षांपर्यंत जगला, आयुष्याच्या अखेरच्या काळात त्याच्याकडे कोणतेही अधिकारपद नव्हते, आणि तरीही त्या देशाचा पंतप्रधान कोण व्हावा हे तो समुद्रकाठच्या एका लहानशा लाकडी घरात बसून ठरवीत असे. हेच चरित्र आम्ही का निवडले, ते शेवटी सांगू.

साइओंजी किनमोची यांचा जन्म १८४९ साली क्योतो येथे तोकुदाइजी नावाच्या प्राचीन दरबारी घराण्यात झाला. बालपणीच ते तशाच तोलामोलाच्या साइओंजी घराण्यात दत्तक गेले. दत्तकाची चाल आपल्याकडे जितकी रूढ, तितकीच जपानातही होती. त्यांचे एक सख्खे बंधू पुढे सम्राटांचे निकटचे सेवक झाले, तर दुसरे सुमितोमो या धनाढ्य व्यापारी घराण्यात दत्तक जाऊन त्या पेढीचे प्रमुख झाले. म्हणजे राजवाडा आणि धनकोश या दोन्ही ठिकाणी त्यांची रक्ताची माणसे होती. साइओंजी घराण्याकडे बिवा हे तंतुवाद्य वाजविण्याची कला वंशपरंपरेने चालत आलेली होती. अशा घरातील मुलाने दरबारी रीतिरिवाज शिकावेत, काव्य करावे आणि राजवाड्याच्या सावलीत आयुष्य घालवावे, एवढीच अपेक्षा असे.

परंतु काळ पालटला. शतकानुशतके क्योतोचा सम्राट नावापुरता होता व खरी सत्ता तोकुगावा घराण्याच्या शोगुनांच्या हाती होती. आपल्या वाचकांस साताऱ्याचे छत्रपती आणि पुण्याचे पेशवे यांचे उदाहरण आठवेल. दोन्ही देशांतील कारभार तंतोतंत सारखा नव्हता, तरी पदवी एकाकडे व सत्ता दुसऱ्याकडे हा प्रकार सारखाच. १८६८ साली शोगुनांचा अंमल संपुष्टात आला व तरुण मेइजी सम्राटांच्या नावाने नवे राज्य सुरू झाले. त्या युद्धप्रसंगी अठरा वर्षांचे साइओंजी शोगुनाविरुद्ध शस्त्र उचलण्याच्या बाजूने उभे राहिले आणि एका सैन्याचे नेतृत्व करून निघाले. पुढच्याच वर्षी, १८६९ मध्ये, त्यांनी क्योतोतील आपल्या वाड्यात रित्सुमेइकान नावाची खासगी पाठशाळा काढली. तरुण तेथे जमून मोकळेपणी चर्चा करू लागले, हे अधिकाऱ्यांस रुचले नाही व वर्षभरातच ती बंद पाडण्यात आली. तेच नाव पुढे दुसऱ्यांनी स्थापिलेल्या एका विद्यालयाने घेतले व आज ते जपानातील मोठे विश्वविद्यालय आहे. आम्हां शिक्षकांस या हकिकतीचे कौतुक वाटल्यावाचून राहत नाही.

१८७१ साली ते पॅरिसला पोहोचले. तेव्हा त्या शहरात कम्यूनचा उठाव चालू होता. तेथे त्यांनी सुमारे दहा वर्षे काढली, कायद्याचा अभ्यास केला आणि लोकसत्तेचा विचार अंगी मुरवून घेतला. जॉर्ज क्लेमांसो यांच्याशी त्यांचा स्नेह जुळला तो याच काळात. १८८० साली स्वदेशी परतल्यावर पुढील वर्षी त्यांनी नाकाए चोमिन या उदारमतवादी मित्राबरोबर एक वृत्तपत्र काढले व स्वतः त्याचे प्रमुख झाले. जनतेच्या हक्कांचा पुरस्कार करणाऱ्या पत्राच्या अग्रस्थानी दरबारी घराण्यातील पुरुषाने बसावे, हे राजवाड्यास मानवणे शक्य नव्हते. ते पद सोडावे, अशी सम्राटांची इच्छा त्यांस कळविण्यात आली आणि साइओंजींनी ते सोडले. पत्र थोड्याच दिवसांत बंद पडले.

वाचकांनी हा प्रसंग ध्यानात ठेवावा. त्या वेळी साइओंजींचे वय एकतीस होते. आपले मत बरोबर आहे अशी त्यांची खात्री होती, परंतु राजवाड्याचा शब्द येताच त्यांनी उघड मैदान सोडले व मत मनात ठेवले. मत बदलले नाही, पण मत मांडण्याची जागा बदलली. आमच्या समजुतीप्रमाणे त्यांच्या पुढील साऱ्या चरित्राची किल्ली येथे आहे.

यानंतर त्यांचा उत्कर्ष झपाट्याने झाला. १८८२ साली इतो हिरोबूमी हे राज्यघटनांचा अभ्यास करण्यासाठी युरोपात गेले, तेव्हा त्यांनी साइओंजींस बरोबर नेले. पुढे ते व्हिएन्ना व बर्लिन येथे राजदूत झाले, मग शिक्षणमंत्री झाले, आणि १९०३ साली इतोंच्या मागून सेइयुकाई या मोठ्या राजकीय पक्षाचे अध्यक्ष झाले. १९०६ ते १९०८ आणि पुनः १९११ ते १९१२ असे दोन वेळा त्यांनी पंतप्रधानपद भूषविले. रसिक असे की, पंतप्रधान असताना त्यांनी देशातील नामवंत कादंबरीकारांस आपल्या घरी भोजनास बोलाविले होते. नात्सुमे सोसेकी यांनी मात्र लेखनात गुंतलो असल्याचे कळवून त्या निमंत्रणास नकार दिला.

त्यांचे दुसरे मंत्रिमंडळ कसे कोसळले ते थोडे विस्ताराने सांगितले पाहिजे. १९१२ साली लष्कराने कोरियासाठी दोन नवीन डिव्हिजनांची मागणी केली. तिजोरीत पैसा नाही म्हणून साइओंजींनी ती नाकारली. तेव्हा लष्करमंत्र्याने राजीनामा दिला, तोही पंतप्रधानांस डावलून थेट सम्राटांकडे. त्या काळच्या नियमाप्रमाणे लष्करमंत्री हा सेवेत असलेला सेनाधिकारीच असावा लागे, आणि लष्कराने दुसरा माणूस देण्याचे नाकारले. एका खुर्चीवर बसावयास माणूस मिळेना, एवढ्यावरून संसदेत बळ असलेले मंत्रिमंडळ पडले. लोक खवळले. १९१३ च्या फेब्रुवारीत साइओंजींच्या पक्षाने नव्या सरकारवर अविश्वासाचा ठराव आणला असता, नवे सम्राट ताइशो यांनी साइओंजींस बोलावून तो मागे घेण्यास सुचविले. पक्ष ऐकेना आणि सम्राटांची इच्छा मोडवेना, अशा पेचात साइओंजींनी पक्षाचे नेतृत्वच सोडले व ते क्योतोस जाऊन राहिले. बत्तीस वर्षांपूर्वी वृत्तपत्राचे झाले, तेच आता पक्षाचे झाले.

परंतु पद सोडले म्हणून सत्ता गेली नाही, उलट खरी सत्ता आता आली. हे समजण्यासाठी गेनरो म्हणजे काय ते सांगावयास हवे. १८८९ च्या राज्यघटनेप्रमाणे मंत्री नेमणे हा सम्राटांचा अधिकार होता, परंतु पंतप्रधान कोणास नेमावे व तो कोणी सुचवावा याविषयी घटनेत एक अक्षरही नव्हते. ही पोकळी काही वडीलधाऱ्या मंडळींनी भरून काढली. इतो, यामागाता, मात्सुकाता, इनोउए, ओयामा अशी १८६८ च्या क्रांतीतून वर आलेली ही मंडळी गेनरो म्हणून ओळखली जात. मंत्रिमंडळ पडले की सम्राटांनी यांस विचारावे, यांनी नाव सुचवावे आणि सम्राटांनी त्या नावावर शिक्का उठवावा, असा प्रघात पडला. आपल्या इतिहासातील बारभाईंचे स्मरण वाचकांस होईल. परंतु बारभाईंतील बहुतेकांकडे दौलतीची जबाबदारीची पदे होती. गेनरोंस गेनरो म्हणून कायद्याने ना पद, ना कार्यालय, ना कोणास जाब देण्याचे बंधन.

१९१२ नंतर साइओंजींची गणना या मंडळींत होऊ लागली. १९१९ साली महायुद्धानंतरच्या पॅरिस परिषदेस ते जपानचे मुख्य प्रतिनिधी म्हणून गेले. परिषदेचे अध्यक्ष होते त्यांचे जुने स्नेही क्लेमांसो. याच परिषदेसाठी आपल्या राष्ट्रीय सभेने लोकमान्य टिळकांस प्रतिनिधी निवडले होते, पण इंग्रज सरकारने त्यांस जाऊ दिले नाही, तेव्हा लोकमान्यांनी हिंदुस्थानची बाजू पत्राद्वारे क्लेमांसोंस कळविली, हे येथे सांगावेसे वाटते. जपानने त्या परिषदेत सर्व वंशांस समान लेखावे असा प्रस्ताव मांडला. सतरांपैकी अकरा मते त्यास मिळाली, तरी एकमत नाही म्हणून अध्यक्ष विल्सन यांनी तो बाजूस सारला. हा प्रस्ताव मांडला तोही साइओंजींनी नव्हे, तर त्यांचे सहकारी माकिनो यांनी. मुख्य प्रतिनिधी सभेत बहुधा मौनच पाळून होते.

पॅरिसहून परतल्यावर ते ओकित्सू येथे राहू लागले. तोक्यो आणि क्योतो यांस जोडणाऱ्या जुन्या राजमार्गावरील हे एक गाव. समोर सुरुगाचा उपसागर, पलीकडे मिहोच्या किनाऱ्यावरील पाइन वृक्षांची रांग, जवळच सेइकेन्जी हे प्राचीन बौद्ध मंदिर. येथील आपल्या घरास त्यांनी झाग्योसो असे नाव दिले होते. स्वस्थ बसून मासे धरण्याचे ठिकाण, असा त्याचा अर्थ. यामागाता १९२२ साली व मात्सुकाता १९२४ साली वारले, आणि पंचाहत्तरीस आलेले साइओंजी हे एकटेच गेनरो उरले. मंत्रिमंडळ पडले की राजवाड्याचा दूत आगगाडीने ओकित्सूस येई, अथवा वृद्ध साइओंजी स्वतः तोक्योस जात. एरवीही मंत्री, सेनापती, पक्षनेते व धनिक यांची तेथे रीघ लागलेली असे. ओकित्सूची यात्रा असा शब्दच लोकांत रूढ झाला. हारादा कुमाओ नावाचे त्यांचे खासगी चिटणीस तोक्योतील घराघरांतून कानोसा घेत व सारे वृत्त ओकित्सूस आणून सांगत. १९३० पासून हारादांनी ही हकिकत लिहवून ठेवली, म्हणूनच त्या बंद दाराआडचे राजकारण आज आपणांस इतके तपशीलवार ठाऊक आहे.

या सत्तेचा उपयोग साइओंजींनी स्वार्थासाठी केला असे कोणीही म्हणणार नाही. निवडून आलेल्या पक्षांच्या हाती राज्यकारभार असावा, इंग्लंड-अमेरिकेशी सलोखा राखावा, आणि सम्राटांस राजकारणाच्या चिखलात ओढू नये, ही त्यांची तीन तत्त्वे होती. १९२४ पासून आठ वर्षे त्यांनी पक्षांच्या नेत्यांचीच नावे पंतप्रधानपदासाठी सुचविली. एका पक्षाचे सरकार कारभारात अपयशी ठरून पडले तर विरोधी पक्षाच्या नेत्यास बोलवावे, आणि पंतप्रधान मृत्यूने अथवा दुखण्याने दूर झाला तर त्याच्याच पक्षाचा माणूस नेमावा, अशी वहिवाट पडत चालली. १९२५ साली पंचवीस वर्षांवरील पुरुषांस मताधिकार मिळाला. जपान लोकशाहीच्या वाटेस लागला, असे पुष्कळांस वाटले.

पण या वहिवाटीस आधार कोणता होता? कायदा नव्हता, संसदेचा हक्क नव्हता. ओकित्सूच्या एका वृद्धाची मर्जी, एवढाच तिचा आधार होता.

लवकरच कसोटी आली. १९२८ च्या जूनमध्ये मांचुरियात जपानी सेनाधिकाऱ्यांनी तेथील सत्ताधीश चांग त्सो-लिन यांची आगगाडी उडवून त्यांस ठार केले. अपराध्यांस उघड शिक्षा झाली पाहिजे, असे साइओंजींनी पंतप्रधान तानाका यांस बजावले. सल्ला योग्य होता, परंतु तो चार भिंतींच्या आत होता. लष्कराने डोळे वटारताच तानाका कचरले, प्रकरण दडपले गेले, आणि तरुण सम्राट हिरोहितो यांचा रोष होऊन १९२९ साली तानाकांस पायउतार व्हावे लागले. अपराधी मात्र सहीसलामत सुटले. १९३१ च्या सप्टेंबरात त्याच मांचुरियात लष्कराने सरकारास न विचारता युद्ध सुरू केले.

१५ मे १९३२ रोजी नौदलातील तरुण अधिकाऱ्यांनी पंतप्रधान इनुकाई त्सुयोशी यांस त्यांच्या निवासस्थानी गोळ्या घालून मारले. इनुकाई ज्या सेइयुकाई पक्षाचे, त्यास संसदेत स्पष्ट बहुमत होते. वहिवाटीप्रमाणे त्याच पक्षाच्या नव्या नेत्यास बोलवावयास हवे होते. ब्याऐंशी वर्षांचे साइओंजी तोक्योस आले, माजी पंतप्रधानांस भेटले, सेनापतींस भेटले, आणि त्यांनी पक्षाबाहेरील ॲडमिरल साइतो यांचे नाव सुचविले. वादळ शमेपर्यंत तात्पुरती तडजोड करावी, मग पुनः पूर्वपदावर येऊ, असा त्यांचा हिशेब असावा. परंतु ते पूर्वपद महायुद्ध संपेपर्यंत परत आले नाही. आठ वर्षे एका माणसाने जे दिले होते, ते त्याच माणसाच्या एका शब्दाने गेले. आणि ज्यांचे गेले त्या पक्षांस व मतदारांस आपले काही हिरावून घेतले गेले असे ठामपणे म्हणण्याचीही सोय नव्हती, कारण ते त्यांचे हक्काचे कधी झालेच नव्हते.

२६ फेब्रुवारी १९३६ च्या पहाटे बर्फ पडत असता तोक्योत बंडखोर सैनिक बाहेर पडले. साइतो मारले गेले, वृद्ध अर्थमंत्री ताकाहाशी मारले गेले, माकिनो थोडक्यात बचावले. साइओंजींस मारण्याचाही बेत होता, तो आयत्या वेळी रहित झाला. त्यांस ओकित्सूहून शिझुओका शहरात सुरक्षित जागी हलविण्यात आले. बंड मोडल्यावर ते पुनः तोक्योस आले व त्यांनी आपले तरुण स्नेही कोनोए यांचे नाव सुचविले. कोनोएंनी प्रकृतीचे कारण सांगून नकार दिला, तेव्हा हिरोता यांस नेमण्यात आले. या हिरोतांच्या कारकिर्दीत, मध्यंतरी १९१३ साली सैल केलेला तो जुना नियम पुनः लागू झाला. लष्करमंत्री सेवेतील सेनाधिकारीच हवा! चोवीस वर्षांपूर्वी ज्या फासात साइओंजींचे मंत्रिमंडळ गुदमरले, तोच फास पुनः बांधला गेला. १९३७ च्या जानेवारीत साइओंजींच्या संमतीने जनरल उगाकी यांची निवड झाली, पण लष्कराने मंत्री दिला नाही आणि उगाकींस सम्राटांची आज्ञा परत करावी लागली. ओकित्सूच्या शब्दास आता वजन उरले नव्हते. त्याच वर्षी जूनमध्ये कोनोए पंतप्रधान झाले आणि जुलैत चीनशी युद्ध पेटले.

साइओंजींनी आपल्यामागे दुसरा गेनरो होऊ दिला नाही. ही प्रथा आपल्याबरोबरच संपावी, असे त्यांचे मत होते व ते योग्यच होते. परंतु प्रथा संपल्यावर तिच्या जागी काय यावे, याची उघड, कायदेशीर व्यवस्था मात्र त्यांनी उभी केली नाही. हळूहळू ते काम राजमुद्रारक्षक व माजी पंतप्रधान यांच्या बैठकीकडे गेले, म्हणजे एका पडद्याआडून निघून दुसऱ्या पडद्याआड गेले. १९४० च्या जुलैत कोनोए पुनः पंतप्रधान होणार तेव्हा साइओंजींची संमती विचारण्यास माणूस आला. वार्धक्य पुढे करून त्यांनी होकार देण्याचे टाळले. सप्टेंबरात जपानने जर्मनी व इटलीशी करार केला. इंग्लंड-अमेरिकेशी सलोखा हे ज्यांचे आयुष्यभराचे धोरण, त्यांस नव्वदीत हे पाहावे लागले. २४ नोव्हेंबर १९४० रोजी ओकित्सू येथेच त्यांचा अंत झाला. सरकारने त्यांची अंत्ययात्रा राजकीय इतमामाने काढली. पुढच्या वर्षी पर्ल हार्बर झाले आणि १९४५ साली हिरोशिमा व नागासाकी.

युद्धानंतर तोक्योत जो खटला चालला, त्यात हारादांची ती टिपणे पुरावा म्हणून पुढे आली. त्या न्यायासनावर आपल्या देशाचे राधाविनोद पाल हेही होते. साइओंजी खासगीत किती स्पष्ट बोलत, त्यांस पुढचा धोका किती आधी दिसला होता, हे तेव्हा जगास कळले. कळले, पण उशिरा! हेच शब्द वेळीच संसदेपुढे, वृत्तपत्रांतून, लोकांसमोर उच्चारले गेले असते, तर युद्ध टळलेच असते असे आम्ही म्हणत नाही. इतिहासात असे हिशेब मांडता येत नाहीत. परंतु जे लोक सुधारणेसाठी झगडत होते, त्यांस आपण एकटे नाही एवढे तरी समजले असते. १९४७ च्या नव्या घटनेने पंतप्रधान निवडण्याचा हक्क संसदेस दिला. ज्या पोकळीत गेनरो जन्मास आले, ती पोकळीच बुजली.

आता हे चरित्र आम्ही का निवडले ते सांगतो. आमच्या नोकरीच्या अखेरीस आम्ही एका शाळेचे मुख्याध्यापक होतो. निवृत्त झाल्यावरही दोन-तीन वर्षे तेथील शिक्षक संध्याकाळी आमच्या ओटीवर येत, वेळापत्रकापासून ते कोणास कोणता वर्ग द्यावा येथपर्यंत विचारीत, आणि आम्ही सांगत असू. सल्ले वाईट नव्हते, असे आम्हांस अजूनही वाटते. मनास मोठे समाधान होई; आपल्यावाचून शाळेचे अडते, ही भावना निवृत्त माणसास फार गोड लागते. एके दिवशी नवे मुख्याध्यापक स्वतः आले व त्यांनी एका साध्या रजेच्या अर्जावर काय करावे ते विचारले. तेव्हा आमचे डोळे उघडले. तो गृहस्थ हुशार होता. त्यास दुबळे केले होते ते आम्ही, आमच्या ओटीने. त्या दिवसापासून आम्ही ती बैठक मोडली.

आपल्या ज्ञातिसंस्थेतही आमच्यासारखे पांढऱ्या केसांचे पुष्कळ आहेत. वसतिगृहाचा निधी असो, शिष्यवृत्त्या असोत वा कार्यकारिणीची निवडणूक असो, सभेत हात वर होतात ते आदल्या रात्री कोठे तरी ठरल्याप्रमाणे, हे आपण सारे जाणतो. ठरविणारे बहुधा सद्हेतूचेच असतात. साइओंजींचा हेतू तरी कोठे वाईट होता? म्हणून आमची वडीलधाऱ्यांस नम्र विनंती आहे की, आपला अनुभव संस्थेस हवाच आहे, परंतु तो सभेत उभे राहून सांगावा आणि तो इतिवृत्तात लिहिला जावा, म्हणजे चुकल्यास आपणांसही जाब विचारता येईल. आणि तरुणांस विनंती ही की, वडिलांच्या पाया अवश्य पडावे, सल्ला अवश्य घ्यावा, पण निर्णय स्वतः करावा व त्याचे ओझेही स्वतःच वाहावे.

साइओंजींचे ते लाकडी घर आज ओकित्सूस नाही. ते उचलून आइची प्रांतातील मेइजी काळच्या वास्तूंच्या संग्रहालयात नेऊन ठेवले आहे, आणि ओकित्सूस त्याची प्रतिकृती उभी आहे. दोन्ही ठिकाणी लोक घर पाहतात आणि परत जातात. काय करावे हे विचारावयास आता तेथे कोणी जात नाही, आणि त्या देशाचे त्यावाचून काही अडलेलेही नाही.